हिमरेषेजवळची फुले

दिल्लीच्या गाझीपूर फूलबाजारात किंवा पुण्याच्या मार्केट यार्डात पहाटे गेले, तर झेंडू आणि शेवंतीच्या ढिगांशेजारी जांभळ्या, गुलाबी, पांढऱ्या रंगांची एक नाजूक फुले हमखास दिसतात. त्यांना अ‍ॅस्टर म्हणतात. ग्रीक भाषेत या शब्दाचा अर्थ तारा असा आहे. पिवळ्या चकतीभोवती किरणांप्रमाणे पसरलेल्या पाकळ्या पाहिल्या म्हणजे हे नाव कसे पडले असेल, ते सांगावे लागत नाही. वास्तविक ते एक फूल नसते. मधल्या चकतीवर अनेक सूक्ष्म फुले दाटीने बसलेली असतात आणि कडेची प्रत्येक पाकळी हेही एक स्वतंत्र फूलच असते. शेवंती, झेंडू, सूर्यफूल ही सारी याच कुळातील आहेत.

हारात ओवले जाणारे हे अ‍ॅस्टर मूळचे चीनमधले. अठराव्या शतकात त्याचे बी पॅरिसच्या राजोद्यानात पोहोचले आणि तेथून ते जगभर गेले. पण याच कुळातील काही रानफुले अशी आहेत, की ती कोणत्याही बाजारात कधी आली नाहीत आणि येणारही नाहीत. लडाख, लाहौल आणि स्पितीच्या पर्वतांवर, जेथे झाड उगवत नाही आणि वर्षातील बहुतेक काळ बर्फ असतो, तेथे दगडांच्या फटींतून एक बुटके रोप जमिनीला चिकटून वाढते. थंडीपासून बचाव व्हावा म्हणून त्याच्या पानांवर लव असते. उन्हाळ्याच्या थोड्याशा दिवसांत त्यावर गुलाबी किरणांचे आणि पिवळ्या मध्याचे टपोरे फूल उमलते. या वनस्पतीचे शास्त्रीय नाव अ‍ॅलार्डिया असे आहे. हे नाव एका फ्रेंच सेनापतीचे आहे. पण ज्यांच्या प्रवासामुळे ते या फुलाला मिळाले, ते सेनापती नव्हते, श्रीमंत नव्हते आणि प्रकृतीनेही धडधाकट नव्हते. त्यांचे नाव व्हिक्टर झाकमाँ.

८ ऑगस्ट १८०१ रोजी पॅरिसमध्ये त्यांचा जन्म झाला. घरचे वातावरण विचारवंतांचे आणि राज्यकर्त्यांच्या मर्जीची फारशी पर्वा न करणारे होते. व्हिक्टर यांनी प्रथम रसायनशास्त्राचा अभ्यास आरंभिला. प्रयोगशाळेत एकदा विषारी वायू छातीत गेल्यामुळे त्यांची प्रकृती ढासळली आणि हवापालटासाठी त्यांना खेड्यात राहावे लागले. अमेरिकेच्या स्वातंत्र्ययुद्धात लढलेले सेनानी लाफायेत यांच्या जमीनजुमल्यावर ते राहिले. तेथील शेतांतून आणि रानांतून हिंडता हिंडता त्यांना वनस्पतींचा छंद जडला. आजारपणाने एक विद्या सोडायला लावली आणि दुसरी हाती दिली.

तरुणपणी एका गायिकेवरील प्रेम निष्फळ ठरले. मन रमेना, म्हणून १८२६ च्या सुमारास ते उत्तर अमेरिकेला आणि तेथून हैती बेटावर गेले. ते तेथे असतानाच पॅरिसच्या राष्ट्रीय निसर्गेतिहास संग्रहालयाने त्यांच्यापुढे एक प्रस्ताव ठेवला. हिंदुस्थानात जावे, काही वर्षे प्रवास करावा आणि वनस्पती, प्राणी व खडक यांचे नमुने गोळा करून पाठवावेत, असा तो प्रस्ताव होता. पगार वर्षाला सहा हजार फ्रँक ठरला. ही रक्कम पॅरिसमध्ये पुरेशी वाटली असेल. परंतु ज्या देशात कंपनी सरकारचा साधा अंमलदारही डझनावारी नोकर, हत्ती-उंट आणि तंबूंचा लवाजमा घेऊन फिरत असे, तेथे ती अगदीच तुटपुंजी होती.

ऑगस्ट १८२८ मध्ये फ्रान्समधील ब्रेस्ट बंदरातून त्यांचे जहाज निघाले. वाटेत ब्राझील, आफ्रिकेचे दक्षिण टोक आणि पुद्दुचेरी अशी वळणे घेत मे १८२९ मध्ये ते कोलकात्यास पोहोचले. त्या वेळी लॉर्ड विल्यम बेंटिंक हे गव्हर्नर जनरल होते. इंग्रज आणि फ्रेंच यांचे वैर जुने असूनही बेंटिंक यांनी या पाहुण्याला प्रवासाचे परवाने आणि ओळखपत्रे दिली. झाकमाँ यांच्या बोलण्यात विलक्षण मोकळेपणा होता. त्यांच्या खिशात जे नव्हते, ते पुष्कळदा या स्वभावाने मिळवून दिले. पावसाळ्याचे महिने त्यांनी कोलकात्याच्या वनस्पतिउद्यानात अभ्यास करण्यात आणि हिंदुस्थानी भाषा शिकण्यात घालवले. नोव्हेंबरमध्ये एक बैलगाडी, एक लहानसा तंबू आणि मोजके नोकर घेऊन ते घोड्यावरून उत्तरेकडे निघाले. आहार साधा, दारूऐवजी दूध आणि पाणी, आणि रोज पहाटे उठून चालू लागणे हा त्यांचा क्रम होता.

मार्च १८३० मध्ये ते दिल्लीस आले. लाल किल्ल्यात तेव्हा दुसरे अकबरशहा हे मुघल बादशहा म्हणून राहत होते. बादशाही नावापुरती उरली होती. सत्ता कंपनीची होती आणि बादशहा तिच्याकडून मिळणाऱ्या तनख्यावर जगत होते. दरबाराचे रिवाज मात्र सुटले नव्हते. झाकमाँ यांची रीतसर भेट ठरली. त्यांना मलमलीचा सन्मानवेष चढवण्यात आला, वजिराने त्यांच्या टोपीलाच पागोट्याचे रूप दिले आणि त्यावर वृद्ध बादशहांनी स्वतःच्या हातांनी खड्यांचे दागिने लावले. खडे खोटे होते. फ्रान्समध्ये राजा आहे का आणि तेथे इंग्रजी बोलतात का, असे बादशहांनी विचारले. आपल्या पत्रांत झाकमाँ यांनी या साऱ्या सोहळ्याची थट्टा केली आहे. परंतु पांढऱ्या दाढीच्या त्या वृद्धाच्या चेहऱ्यावर दीर्घकाळ सोसलेल्या दुःखाची खूण होती, हेही त्यांच्या नजरेतून सुटले नाही.

दिल्लीत त्यांची गाठ विल्यम फ्रेझर या इंग्रज अधिकाऱ्याशी पडली. फ्रेझर हे दाढी राखणारे, देशी चालीरीतींत मुरलेले आणि काहीसे विक्षिप्त गृहस्थ होते. त्यांच्यात आणि झाकमाँ यांच्यात दाट मैत्री झाली. फ्रेझर यांनी दिल्लीच्या टेकडीवर एक मोठा बंगला बांधला होता. १८३५ मध्ये त्यांचा खून झाल्यावर तो ग्वाल्हेरच्या बायजाबाई शिंदे यांचे बंधू हिंदुराव घाटगे यांनी घेतला. कागलकर घाटग्यांच्या या मराठी सरदाराचे नाव त्या जागेला कायमचे चिकटले. आज तेथे हिंदुराव रुग्णालय आहे.

उन्हाळा वाढू लागताच झाकमाँ डोंगरांकडे वळले. सहारनपूर, डेहराडून, मसुरी असे करत ते यमुनेच्या उगमाकडे गेले आणि जूनमध्ये सिमल्यास पोहोचले. तेथील अधिकारी कॅप्टन केनेडी यांनी त्यांचे अशा थाटात आगतस्वागत केले, की हिमालयाच्या कुशीत फ्रान्सच्या खास पदार्थांची मेजवानी त्यांच्यापुढे आली. मेजवान्यांत त्यांनी फार दिवस दवडले नाहीत. सतलजच्या खोऱ्याने किन्नौर, तेथून स्पिती आणि पुढे तिबेटच्या हद्दीपर्यंत ते गेले. पाच हजार मीटरांहून उंच घाट त्यांनी ओलांडले. या उंचीवर हवा विरळ असते, दहा पावले चालले तरी धाप लागते. आणि हा प्रवास छाती मुळातच दुबळी असलेल्या माणसाने केला.

याच वाटेवर कानम या गावी त्यांना दुसरा एक अवलिया भेटला. हंगेरीचे चोमा द कोरोस हे विद्वान तेथील बौद्ध मठाच्या आश्रयाने, अत्यंत गरिबीत, तिबेटी भाषेचा शब्दकोश तयार करत होते. एक शब्द वेचणारा आणि एक फुले वेचणारा, असे दोन युरोपीय त्या ओसाड मुलखात समोरासमोर बसले. ही भेट कोणी चित्रकाराने पाहायला हवी होती.

झाकमाँ यांचे रोजचे काम नेमके काय होते, हे समजून घेतल्यावाचून त्यांच्या कष्टांची कल्पना येत नाही. दिवसभर चालताना दिसलेली रोपे मुळांसकट काढायची. मुक्कामावर आल्यावर ती शोषून घेणाऱ्या कागदांच्या थरांत पसरून वर वजन ठेवायचे. कागद ओलावा धरतो, म्हणून तो पुन्हा पुन्हा बदलायचा. एका पावसाळी रात्रीचा आळस झाला, तर बुरशी लागून महिन्याची मेहनत वाया जायची. प्रत्येक नमुन्याबरोबर ठिकाण, दिनांक आणि उंची लिहायची. उंची मोजण्यासाठी ते पाऱ्याचा वायुभारमापक बरोबर नेत. आपण जसजसे वर जातो, तसतसा हवेचा दाब कमी होतो आणि नळीतील पारा खाली उतरतो. त्यावरून उंचीचा हिशेब करता येतो. ही काचेची नळी घोड्याच्या पाठीवरून आणि हमालांच्या खांद्यांवरून, कड्यांच्या वाटांनी, न फुटता न्यायची असे. दिवसाचे हे सारे उरकल्यावर मेणबत्तीच्या उजेडात दैनंदिनी लिहायची आणि मग वडिलांना, भावांना, मित्रांना पत्रे.

उंचीची नोंद इतकी महत्त्वाची का? त्या काळात हम्बोल्ट या जर्मन शास्त्रज्ञाने एक मोठा विचार मांडला होता. विषुववृत्ताकडून ध्रुवाकडे जाताना जशी वनस्पतींची जात पालटत जाते, तशीच ती पर्वताच्या पायथ्यापासून शिखराकडे जातानाही पालटते. म्हणजे स्पितीच्या घाटावर उभा असलेला मनुष्य उष्ण कटिबंधाच्या सीमेपासून फार दूर नसला, तरी त्याच्या पायाशी उगवलेली रोपे सैबेरियाच्या आणि उत्तरेकडील शीत प्रदेशांतील रोपांची भावंडे असू शकतात. हा विचार किती खरा, हे ठरवायला नुसती वाळलेली फुले पुरेशी नव्हती. कोणते फूल किती उंचीवर आढळले, हे लिहिलेले असणे आवश्यक होते.

वर्षाच्या अखेरीस ते डोंगर उतरून पुन्हा दिल्लीकडे आले. फ्रान्समध्ये जुलैत राज्यक्रांती झाल्याची बातमी त्यांना त्याच सुमारास, म्हणजे जवळजवळ पाच महिन्यांनी, कळली. दिल्लीच्या मुक्कामात त्यांनी जमवलेले नमुने नीट लावले आणि १८३१ च्या आरंभी पंजाबची वाट धरली.

पंजाबात महाराजा रणजितसिंहांचे राज्य होते. परक्या माणसाला, त्यातही युरोपीयाला, तेथे प्रवेश सहज मिळत नसे. झाकमाँ यांच्या कामी आले ते जनरल अ‍ॅलार. हे पूर्वी नेपोलियनच्या फौजेत होते. नेपोलियनच्या पराभवानंतर नशीब काढायला निघालेले अ‍ॅलार १८२२ मध्ये लाहोरला येऊन पोहोचले आणि रणजितसिंहांचे घोडदळ युरोपीय पद्धतीने तयार करण्याचे काम त्यांच्याकडे आले. परमुलखात आपल्या भाषेत बोलणारा देशबांधव भेटल्याचा आनंद दोघांनाही झाला. अ‍ॅलार यांच्या शिफारशीने रणजितसिंहांची भेट झाली. महाराजांची जिज्ञासा अफाट होती. एकामागून एक प्रश्नांचा त्यांनी भडिमार केला आणि हा फ्रेंच तरुण त्यांना आवडला. वस्त्रे आणि पैसा दोन्ही त्यांनी दिले, त्याहून मोलाचे म्हणजे काश्मीरला जाण्याची परवानगी दिली.

काश्मीरची वाट मात्र सुखाची झाली नाही. डोंगरातील एका किल्ल्याच्या निहालसिंह नावाच्या असंतुष्ट किल्लेदाराने त्यांना अडकवून ठेवले आणि दोन हजार रुपये मागितले. झाकमाँ यांनी भीती दाखवली नाही. बंदी असूनही ते यजमानाशी हुकमी स्वरात बोलले, आपल्यासाठी दूध आणवले आणि शेवटी पाचशे रुपयांवर सुटका करून घेतली. त्या काळच्या गोऱ्या प्रवाशाचा तोरा त्यांच्या वागण्यात होता, हे नाकारता येत नाही. त्यांच्या पत्रांतही एतद्देशीयांविषयीचे काही शेरे आज वाचताना खटकतात. कंपनीच्या राज्याचे गुणही त्यांनी जरा सढळपणेच गायले.

मे ते सप्टेंबर १८३१ हे महिने त्यांनी काश्मीरात घालवले. काश्मीरचे सौंदर्य ऐकून आलेल्या झाकमाँ यांना प्रथम दिसले ते तेथील दारिद्र्य. जबर करांनी पिचलेली प्रजा आणि ओस पडलेली गावे यांचे वर्णन त्यांनी कोठलीही रंगसफेदी न करता केले. फुलांच्या बाबतीत मात्र खोऱ्याने त्यांना निराश केले नाही. भोवतालच्या पर्वतांवर त्यांनी माणसे पाठवली, स्वतःही गेले, आणि पेट्या भरत गेल्या. काश्मीरचा कारभार हाती घ्यावा, असे रणजितसिंहांनी त्यांना सुचवल्याचे त्यांच्या पत्रांत आले आहे. वर्षाला सहा हजार फ्रँकांवर उन्हातान्हात हिंडणाऱ्या माणसाने ही सूचना हसण्यावारी नेली.

तेथून तिसऱ्यांदा दिल्ली. १८३२ च्या फेब्रुवारीत त्यांनी दिल्लीचा कायमचा निरोप घेतला आणि दक्षिणेची दिशा धरली. जयपूर, अजमेर, माळवा असा प्रवास करून, औरंगाबाद आणि अहमदनगरच्या मार्गाने ते जूनमध्ये पुण्यास आले. पेशवाई बुडून तेव्हा चौदा वर्षे झाली होती. उत्तरेच्या थंडीला सरावलेले शरीर दख्खनच्या उन्हाळ्याने थकले होते. पावसाळा पुण्यात काढावा, मग पश्चिम किनाऱ्याने निलगिरीपर्यंत आणि शेवटी कन्याकुमारीपर्यंत जावे आणि १८३४ च्या सुमारास मायदेशी परतावे, असा त्यांचा बेत होता.

सप्टेंबरमध्ये त्यांनी पुणे सोडले आणि घाट उतरून साष्टी बेटावर नमुने गोळा करण्यास आरंभ केला. ठाणे आणि मुंबईच्या दरम्यान तेव्हा दाट रान होते आणि पावसाळ्याच्या अखेरीस ते तापाचे माहेरघर असे. हिमालयाच्या घाटांवरून आणि किल्लेदाराच्या कैदेतून सहीसलामत सुटलेले झाकमाँ येथे आजारी पडले. ऑक्टोबरच्या अखेरीस त्यांना मुंबईस आणण्यात आले. यकृतात गळू झाले होते. त्या रोगावर त्या काळी खात्रीचा इलाज नव्हता. जेम्स निकोल या व्यापाऱ्याने त्यांची घरच्याप्रमाणे काळजी घेतली.

आपण वाचणार नाही, हे त्यांना कळून चुकले होते. १ डिसेंबरला त्यांनी भाऊ पोर्फिर यांस शेवटचे पत्र लिहिले. त्यात तक्रार नव्हती. घरच्यांचे दुःख हलके व्हावे, एवढीच काळजी त्यात होती. ७ डिसेंबर १८३२ रोजी संध्याकाळी त्यांचे निधन झाले. वय अवघे एकतीस वर्षे. सोनापूरच्या दफनभूमीत त्यांना मूठमाती देण्यात आली. थडग्यावर काय कोरावे, हेही त्यांनीच सांगून ठेवले होते: नाव, जन्म, मृत्यू आणि हिंदुस्थानात साडेतीन वर्षे प्रवास केल्याची नोंद, याहून अधिक काही नको.

पुढच्याच वर्षी त्यांची पत्रे पॅरिसमध्ये पुस्तकरूपाने प्रसिद्ध झाली आणि फ्रान्समध्ये घरोघरी वाचली गेली. नमुने संग्रहालयात पोहोचले होतेच. त्यांच्या प्रवासाचा मोठा ग्रंथ १८३५ ते १८४४ या काळात खंडाखंडांनी छापला गेला. वनस्पतींच्या वर्णनाचे बरेचसे काम जोसेफ दकेन यांच्या वाट्याला आले. दकेन हे त्याच संग्रहालयाच्या बागेत माळी म्हणून कामाला लागले होते आणि स्वतःच्या अभ्यासावर वनस्पतिशास्त्रज्ञ झाले. हिमालयातून आलेल्या वाळलेल्या रोपांत त्यांना अ‍ॅस्टरच्या कुळातील एक असे रोप आढळले, की ते आधीच्या कोणत्याही प्रजातीत बसेना. त्यांनी त्याची नवी प्रजाती केली आणि झाकमाँ यांच्या लाहोरच्या मित्राच्या स्मरणार्थ तिचे नाव अ‍ॅलार्डिया असे ठेवले. जनरल अ‍ॅलार तोपर्यंत, १८३९ मध्ये, पेशावर येथे निवर्तले होते. पुढे बराच काळ या फुलांना वाल्डहाइमिया या दुसऱ्या नावाने ओळखत. शास्त्रीय नामकरणात जुन्या नावाला अग्रहक्क असल्यामुळे दकेन यांचे नाव पुन्हा रूढ झाले.

झाकमाँ यांचे स्वतःचे नाव कितीतरी वनस्पतींना मिळाले. काश्मीरात ज्याच्या सालीवर जुन्या पोथ्या लिहीत, त्या भूर्जवृक्षाच्या शुभ्र सालीच्या प्रकाराला त्यांचे नाव आहे. युरोपातील उद्यानांत हा वृक्ष आता हौसेने लावतात. सापाच्या फणीसारखे फूल येणारा हिमालयातील एक कंद, राजस्थान-पंजाबच्या वाळूत वाढणारी एक काटेरी बाभूळ, ही त्यांच्याच नावाची. या लॅटिन नावांत झाकमाँ राहिले, अ‍ॅलार राहिले. पाऱ्याची नळी खांद्यावरून घाटापार नेणाऱ्या किन्नौरच्या हमालांचे किंवा कोणत्या कड्याखाली कोणते रोप उगवते हे दाखवणाऱ्या मेंढपाळांचे नाव मात्र एकाही फुलाला मिळाले नाही.

अ‍ॅलार्डिया आजही जुलै-ऑगस्टमध्ये हिमनद्यांच्या काठच्या दगडगोट्यांत फुलते. हवा तापू लागली, की डोंगरावरच्या वनस्पती थंडी शोधत हळूहळू वर सरकतात. जी आधीच शेवटच्या पायरीवर उभी आहेत, त्या रोपांना वर सरकायला फारशी जागा नसते. अशा वेळी कोणते फूल पूर्वी किती उंचीवर मिळत होते, हे पाहण्यासाठी शास्त्रज्ञांना जुन्या संग्रहांतील कागद पुन्हा उघडावे लागतात.

१८८१ मध्ये झाकमाँ यांचे अवशेष मुंबईहून पॅरिसला नेण्यात आले. ज्या संग्रहालयाने त्यांना हिंदुस्थानात पाठवले होते, तेथेच ते ठेवण्यात आले. त्यांनी वेचलेली फुले तेथे जवळजवळ पन्नास वर्षे आधीच पोहोचली होती.